साखराबाईची ऐकणी

चैत्र संपत आला होता आणि सुकन्या आपल्या बापाला आणायला निघाली होती. काम तसं साधंच. बीडच्या स्टँडवरून गेवराईची एसटी धरायची, तिथून काळीपिवळीनं चकलांब्याला जायचं, आबाचे चार कपडे पिशवीत भरायचे आणि दुसऱ्या दिवशी त्याला घेऊन परत यायचं. नवरा धोंडीराम रिक्षा चालवायचा. त्यानं तिला स्टँडवर सोडलं आणि निघताना म्हणाला, "न्हाई म्हनले तर भांडू नको. घसा दाखवायचाय म्हन डॉक्टरला. एकडाव हितं आले की मंग ठिवून घेऊ."

घशाचं निमित्त खरंच होतं. आबाच्या वस्तीला लागून ज्याचं शेत, त्या राधाकिशनचा फोन आला होता. "ताई, आबाचं बोलनं बंद पडायलंय. म्हंजे बोलतेत, पर अर्धंमुर्धं. आदी वाटलं माझ्यावर रागावलेत. तसं न्हाई. बोलायला तोंड उघडतेत अन् शबूदच सापडत न्हाई त्येंला. तुमी येऊन जावा." मग म्हणाला होता, "दिवस मावळायच्या आत पोचा म्हंजे झालं."

"कावून?"

"या तर खरं," म्हणून त्यानं फोन ठेवून दिला होता.

गाडीत खिडकीची जागा मिळाली. बाहेर उसाचे फड मोकळे पडले होते, कापसाच्या पळाट्या उपटून बांधावर रचल्या होत्या, आणि मधूनमधून माळावर तरवडाची पिवळी फुलं. ह्याच माळांवरून सुकन्या लहानपणी चालली होती. दिवाळी झाली की तिच्या आईबापाचं बिऱ्हाड घोड्यावर चढायचं. पुढं आबा, मागं मेंढरं, त्यांच्या मागं कुत्रं, आणि सगळ्यांच्या शेवटी आई, साखराबाई. तिच्या एका काखेत कोकरू, दुसऱ्या हाताला सुकन्या. ज्याच्या शेतात मेंढरं बसवायची त्याच्या बांधावर तीन दगडांची चूल पेटायची. संध्याकाळी लेंड्यांचा, दुधाचा आणि भाजल्या बाजरीचा मिळून एक वास यायचा. तो वास तिला अजून आठवत होता. आईचा चेहरा आठवत होता, तिच्या हातावरचं तुळशीचं गोंदण आठवत होतं.

आवाज मात्र आठवत नव्हता. साखराबाईला जाऊन दोन पावसाळे उलटले होते. अलीकडं सुकन्या रात्री डोळे मिटून पडायची आणि आई 'सुकू' कशी म्हणायची ते आठवायला बघायची, तर शब्द यायचा आणि त्यातला आवाज यायचा नाही. मोबाईलमध्येही कुठं साठवलेला नव्हता. फोन कानाला लावला की साखराबाई गप्प बसायची. म्हणायची, "ह्येच्यात काय बोलू? ह्येला कान कुठं हायत?"

कान असलेली वस्तू तिला ठाऊक होती, ती म्हणजे ऐकणी.

आता ऐकणी म्हणजे काय ते सांगायलाच पाहिजे, कारण ती आता कुणाकडं उरलेली नाही. गोदेच्या अलीकडच्या माळांवर मेंढरं घेऊन फिरणाऱ्या बिऱ्हाडांत पूर्वी ती असायचीच. विहीर खोदताना काळ्या खडकाच्या पोटात कधी कधी पोकळी लागते. त्या पोकळीत साखरेच्या खड्यांसारखे पांढरे स्फटिक दाटून उगवलेले असतात. तसले दगड पुष्कळ निघतात, पोरं खेळायला नेतात. पण त्यात एखादाच दगड ऐकणी निघायचा. ओळखायची रीत सोपी होती. दगड कानाशी धरायचा आणि जीभ टाळ्याला लावून 'टक्' करायचं. साधा दगड गप्प राहतो. ऐकणी असली तर जरा वेळानं आतून कुणीतरी तसंच 'टक्' करतं.

ऐकणी राखण करायची. लांडगा माळाच्या पार पलीकडं असला, कुत्र्यानं कानही टवकारलेला नसला, तरी ती झिणझिणू लागायची. काशाच्या वाटीच्या काठावरून ओलं बोट फिरवावं तशी. नदीला वरून पाणी सुटलं तर बिऱ्हाड उठवायची. आणि तिला हाक शिकवता यायची. रोज दिवस मावळताना बिऱ्हाडातल्या बाईनं तिच्याजवळ तोंड नेऊन मेंढरांना हाक घालायची. पावसाळाभर असं केलं की पुढं ऐकणी आपणहून त्या बाईच्या आवाजात हाक द्यायची, आणि बाई चुलीपुढून न उठता मेंढरं घरी यायची. सासूकडून सुनेकडं ती जायची, आणि आधीच्या बायांच्या हाकाही तिच्या पोटात साठून राहायच्या. बाई मेली की दिवसपाणी व्हायच्या आत सुनेनं तिला आपली हाक द्यायची. सूनच नसली तर ऐकणी खोल पाण्यात सोडायची. पाण्याखाली ती बहिरी होते आणि मुकीही होते, असं म्हणत.

साखराबाईला सून नव्हती. सुकन्या एकटीच, तीही बीडला दिलेली. दिवसपाणी झाल्यावर आबानं सांगितलं होतं, "सोडली नदीत." सुकन्यानं पुढं काही विचारलं नव्हतं.

लहानपणी एकदा आई ओढ्यावर गेली असताना ऐकणीनं आईच्या आवाजात तिला हाक मारली होती. सुकन्या 'ओ' म्हणणार तोच आईनं मागून येऊन तिचं तोंड दाबलं. "मान्साच्या हाकंला ओ द्यावी," ती कानात म्हणाली. "हिच्या हाकंला न्हाई. हिच्यापशी आपलं सोताचं काय नसतंय बाई. दिलं की ठिवून घेते."

चकलांब्याच्या फाट्यावर उतरून सुकन्या वस्तीवर पोचली तेव्हा ऊन कलायला लागलं होतं. पत्र्याची खोली, पुढं हिवराचं झाड, बाजूला मेंढरांचं काट्यांचं वाडगं. वाडगं मोकळं होतं. मेंढरं माळावर गेलेली असणार, पण राखायला गेलेलं कुणी दिसेना. आबा हिवराखाली घोंगडीवर बसला होता. तिला बघून उठला, हसला, तोंड उघडलं. काहीच बाहेर आलं नाही. त्यानं हातानं तिच्या गालाला शिवून बोटं आपल्या कपाळावर मोडली.

"आबा, बरं हाय का? भाकर खाल्ली?"

तो खोलीकडं गेला, टोपलं उघडून तिला भाकरी दाखवली. बोटानं दाखवली, बोलला नाही. मग खुणेनं विचारलं, कशानं आलीस?

"येष्टीनं. गेवराईपस्तोर."

"येष्टी," आबा म्हणाला. स्वच्छ, त्याच्याच जाड आवाजात. सुकन्याच्या जिवात जीव आला. म्हणजे घसा धड होता.

ती त्याच्याजवळ बसली आणि त्याला बोलतं करायला बघू लागली. आणि जसजसं बघू लागली तसतसं तिचं अंग गार पडत गेलं. आबाला रिचार्ज म्हणता येत होतं. आधार कार्ड म्हणता येत होतं. डॉक्टर, पेट्रोल, मोबाईल हे शब्द तो पाटीवरचे वाचल्यासारखे म्हणायचा. पण भाकरी म्हणता येत नव्हतं. मेंढरू म्हणता येत नव्हतं. पाणी, चूल, कुत्रं, पाऊस, काहीच नाही. जे शब्द त्यानं जन्मभर साखराबाईबरोबर वापरले होते, तेवढेच नेमके गेले होते. सुनं घर धुऊन काढावं तसं त्याचं तोंड झालं होतं.

"आबा," ती हळूच म्हणाली, "काय झालंय हितं?"

आबानं मान वळवून वर बघितलं. हिवराच्या खालच्या फांदीला लोकरीच्या झोळीत काहीतरी टांगलेलं होतं. वरून बटाट्यासारखं खडबडीत, एका अंगानं फुटलेलं. फुटीच्या आत पांढरं दाटलेलं काही कलत्या उन्हात चमकत होतं.

तिनं ओळखलं. ती उठू गेली, तर आबानं तिचा हात धरून तिला बसवलं आणि तोंडावर बोट ठेवलं. त्याच्या चेहऱ्यावर भीती नव्हती. जत्रेत पाळण्याची वाट बघणारं लेकरू दिसतं, तसा तो दिसत होता.

ऊन लाल झालं. वारा पडला. चिमण्या हिवरावर यायच्या त्या आल्या आणि एकदम उडून राधाकिशनच्या लिंबावर गेल्या. मग आधी ती बारीक झिणझिण आली. कानात येण्याच्या आधी दातांत आली.

आणि साखराबाई बोलली.

"हाऽऽ… ये ये ये… हुर्र ये…"

सुकन्याच्या डोळ्यांतून घळकन पाणी आलं. हाच. हाच आवाज. जरासा घोगरा, शेवटाला वर चढणारा, 'ये' म्हणताना दातांच्या फटीतून वारा सुटणारा. इतके दिवस रात्री जागून जो सापडत नव्हता, तो डोक्यावरच्या फांदीतून उतरत होता. तिला एका क्षणात सगळं परत मिळालं. चुलीचा जाळ, आईच्या लुगड्याचा वास, थंडीत घोंगडीखाली तिच्या पोटाला पाय लावून झोपणं. ती तोंडावर पदर धरून रडत ऐकत राहिली.

माळावर धूळ उठली. मेंढरं आली, कुणी हाकत नसताना ओळीनं आली. धूळ मात्र मेंढरांच्या मानानं फार होती. मेंढरं वाडग्यात शिरली तरी ती वाडग्याच्या तोंडाशी बराच वेळ उठत राहिली, आत कुणी अजून शिरतंय अशी. आत गेलेली मेंढरं वाडग्याच्या एकाच कोपऱ्यात एकमेकांना रेटून उभी राहिली. उरलेलं वाडगं त्यांनी मोकळं सोडलं होतं. त्या मोकळ्या भागाकडं एकही मेंढरू बघत नव्हतं.

"आवं…" वरून आवाज आला. "आलाव का?"

आबाचे ओठ हलले. त्याच्या तोंडून काही निघालं नाही. पण फांदीवरून त्याचाच आवाज आला. "आलो."

"दमलाव?"

"न्हाई. पानी दे जरा."

"भाकर वाढू?"

"वाढ. कालवान काय हाय?"

नवराबायको बोलत होती. रोजचंच, जे दर संध्याकाळी ती दोघं बोलायची तेच. मेंढरू लंगडतंय का, अंबाड्याची भाजी, उद्या कुठल्या रानात. आबा खाली बसून आपल्या बायकोचं आणि आपलंच बोलणं ऐकत होता, मान डोलवत होता, मध्येच हसत होता. सुकन्याला कळलं. साखराबाई गेल्यावर ह्या म्हाताऱ्याला ऐकणी पाण्यात सोडवली नव्हती. रोज संध्याकाळी ऐकणी 'आलाव का' म्हणायची आणि रोज तो 'आलो' म्हणायचा. दिलं की ठेवून घेते. एकेक शब्द तिनं ठेवून घेतला होता. आणि तो आपणहून देत गेला होता, कारण त्या बदल्यात त्याला ती भेटत होती.

"सुकू…"

सुकन्यानं मान वर केली.

"सुकू… ये गं… भाकर निवली माय…"

छातीतून 'ओ' उठला. अगदी घशापर्यंत आला. तिनं पदराचा बोळा तोंडात कोंबला आणि दातांनी धरला. वरून आवाज येत राहिला. कधी लाडानं, कधी जरा चिडून, जेवायला हाक मारावी तसा. "सुकू… आगं कुठं गेलीस? सुकू…" हे सगळं आई खरोखर म्हणायची. शब्दन् शब्द तिच्या ओळखीचा होता. दिवस पार बुडाला तेव्हा कुठं तो थांबला. तोवर पदर ओला झाला होता आणि जबडा दुखत होता.

सकाळी चहा झाल्यावर ती आबासमोर बसली. आदल्या दिवशीपासून तिला एक गोष्ट विचारायची होती आणि धीर होत नव्हता.

"आबा, माझं नाव घ्या."

आबानं तिच्याकडं बघितलं.

"घ्या की. हाक मारा मला."

त्यानं तोंड उघडलं. ओठ पुढं आले, 'स'ला येतात तसे दात मिटले. गळ्याच्या शिरा ताठल्या. काही आलं नाही. त्यानं पुन्हा केलं. मग डोळे मिटून, मांडीवर मूठ आपटून पुन्हा केलं. फांदीवरून साखराबाईचा आवाज रोज विचारायचा, सुकूचं बरं हाय का, आणि तो सांगायचा, सुकू बरी हाय. तेही गेलं होतं.

"डॉक्टर," तो शेवटी म्हणाला. "मोबाईल." आणि हात तोंडावर ठेवून हमसून रडायला लागला. सुकन्यानं आपल्या बापाला एवढं रडताना साखराबाईच्या मातीलाही बघितलं नव्हतं.

रडणं सरल्यावर तो आपणच उठला. झाडाखाली गेला, हात वर करून झोळी सोडली. ऐकणी दोन्ही तळहातांवर घेतली, कपाळाला लावली आणि आपल्या घोंगडीत गुंडाळून सुकन्याच्या ओटीत दिली.

राधाकिशननं जीप काढली. मागच्या सीटवरचं ते गाठोडं त्यानं आरशात एकदा बघितलं. अर्ध्या वाटेवर म्हणाला, "ताई, आमची म्हैस तीन सांजा तुमच्या वाडग्यापशी जाऊन उभी ऱ्हाती. बांधली तर दावं तोडती. मी म्हनलं, जनावर हाय, जात असंल. पर परवा माझी बायकोबी घरात दिसंना. बघतो तर वाडग्यापशी, म्हशीच्या बाजूला. तिला आठवतच न्हाई कशी गेलती."

नदीवर पोचले तेव्हा टळटळीत दुपार होती. अशा वेळी गोदेच्या काठाला कुणी फिरकत नाही. वाळू तापलेली, पात्र आटून लांब गेलेलं, पण काळ्या कपारीखालचा डोह उन्हाळ्यातही उतरत नाही. भोयांची एक होडी वाळूवर पालथी पडली होती. पाण्याला शेवाळाचा आणि तापल्या दगडाचा वास येत होता. राधाकिशन जीपपाशीच थांबला. सुकन्या आणि आबा कपारीवर गेले.

घोंगडी सोडली. ऐकणी हातात घेतल्यावर तिला ती गार लागली, एवढ्या उन्हात, एवढ्या लोकरीतून आलेली असून. आतले स्फटिक ओठांसारखे ओले दिसत होते. सोडायची ती बाईनंच, अशी रीत. म्हणून आबा एक पाऊल मागं सरकला.

सुकन्यानं हात पाण्यावर नेले. झिणझिण सुरू झाली. दिवस मावळायला अजून पुष्कळ अवकाश होता, तरी सुरू झाली.

"सुकू… नको गं."

तिचे हात थांबले.

"नको गं बाई. पान्यात मला ऐकू यायचं न्हाई."

हे आई कधीच म्हणाली नव्हती. आदल्या संध्याकाळी जे ऐकलं ते सगळं साखराबाईनं कधी ना कधी उच्चारलेलं होतं, सुकन्यानं आपल्या कानांनी ऐकलेलं होतं. हे नवं होतं. आवाज तोच, दातांतला वारा तोच, पण हे वाक्य कुणी शिकवलेलं नव्हतं. तिनं आबाकडं बघितलं. आबाच्या चेहऱ्यावरचं रक्त उतरलं होतं. त्यालाही ते कळलं होतं.

"सुकू… अंधार हाय गं खाली… मी एकली…"

खरंच आई असली तर? दगडात का होईना, कुठं का होईना, तिचं काही उरलेलं असलं तर? ज्या आवाजासाठी आपण रात्री जागलो, तो आपल्याच हातानं बुडवायचा? पुन्हा जन्मात तो ऐकू येणार नव्हता. तिनं हात जरा मागं घेतले. कळत-नकळत ऐकणी छातीशी आली.

आबा काही करू शकत नव्हता. त्याच्यापाशी 'सोड' हा शब्दही नव्हता, आणि 'राहू दे' हाही नव्हता.

ऐकणी आता अगदी हळू बोलत होती, उशाशी बोलावं तशी. "ओ दे गं, सुकू. एकडाव… एकडावच ओ दे."

आणि तिथंच सुकन्याला कळलं. तिच्या आईनं सगळं मागितलं असतं, एवढं मागितलं नसतं. त्याच आईनं तिच्या तोंडावर हात दाबला होता.

तिनं बोटं सोडली.

दगड पाण्यात गेला, आणि तो जाताना तिनं दातओठ मिटून धरलेलं तोंड आपोआप उघडलं. कळ आली की माणूस जे ओरडतं, तेच ती ओरडली.

"माऽय!"

पाणी फार उडालं नाही. डोहानं ते घेतलं आणि वर्तुळं कपारीला लागून विरली. त्या शांततेत जीपच्या इंजिनाचा टकटक आवाज येत होता, लांबून कुठून तरी होला घुमत होता. आबानं तिच्या डोक्यावर हात ठेवला.

आबा बीडला आला. मेंढरं राधाकिशननं आपल्या पाहुण्याला देऊन टाकली. धोंडीरामनं मधल्या खोलीत आबासाठी बाज टाकली, खिडकीशी, खालची गल्ली दिसेल अशी. घशाच्या डॉक्टरांनी बॅटरी लावून बघितलं आणि घसा चांगला आहे म्हणाले. गेलेले शब्द काही परतले नाहीत, पण नवे गेलेही नाहीत. आबा नातवंडांकडून शिकायला लागला. पोरगी पाटीवर चित्र काढायची आणि शब्द म्हणायची, आबा तिच्यामागून म्हणायचा. 'पाणी' आला. 'भाकर' आला. एके सकाळी त्यानं अडखळत 'सुकू' म्हटलं, पहिलीतल्या पोरासारखं, आणि सुकन्या मोरीत जाऊन रडली.

तिचंही एक गेलं होतं. ते तिला लगेच कळलं नाही. एकदा तव्याचा चटका बसला, तोंड उघडलं आणि घशातून नुसती हवा आली. मग तिनं मुद्दाम म्हणून बघितलं. 'आई' म्हणता यायचं, पुस्तकातलं असल्यासारखं. तो दुसरा शब्द, लहानपणापासूनचा, डोहावर ओरडलेला, यायचा नाही. तिनं हे कुणाला सांगितलं नाही. तसं बघितलं तर एवढ्यावर सुटलो असंच तिला वाटायचं. आणि एक गोष्ट तिला मिळाली होती. रात्री डोळे मिटले की आता आईचा आवाज आठवायचा. हिवराखाली ऐकलेला, पहिल्या हाकेतला. त्याच्या पुढचं ती आठवू द्यायची नाही.

ज्येष्ठ लागला. पावसाचा पत्ता नव्हता. टँकरच्या पाण्यावर गल्ली चालली होती. एका संध्याकाळी सुकन्या शिवणयंत्रावर बसली होती. आधी दातांत ती बारीक झिणझिण आली, आणि मग मधल्या खोलीतून हाक आली.

"मुंजाजी… आरं मुंजाजी… ये रं…"

बाईचा आवाज. तरुण, कोवळा, साखराबाईचा नाही. सुकन्यानं उठून बघितलं. आबा खिडकीशी बसून बाहेर बघत होता. त्याचं तोंड उघडं होतं, आणि आवाज त्याच्या तोंडातून येत होता.

तिनं त्याला हलवलं. तो दचकला, तिच्याकडं बघून हसला, म्हणाला, "सुकू. पाणी." त्याच्या शिकलेल्या, बोबड्या आवाजात.

"आबा, मुंजाजी कोन?"

त्यानं मान हलवली. माहीत नव्हतं. भावकीत त्या नावाचं कुणी नव्हतं, सोयऱ्यांत नव्हतं. तिनं राधाकिशनला फोन करून विचारलं. गावातही कुणी नव्हतं. दुसऱ्या दिवशी दिवस मावळताना आबानं पुन्हा तीच हाक मारली. तिसऱ्या दिवशीही. धोंडीराम म्हणाला, म्हातारपण आहे, काहीबाही आठवत असेल. सुकन्यानं संध्याकाळची खिडकी लावून घ्यायला सुरुवात केली.

पुढं काही दिवस बरे गेले. मग एका दुपारी खालच्या मजल्यावरच्या विजयमालाबाई जिन्यात भेटल्या. हातात दुधाची पिशवी, घाईत होत्या.

"सुकन्याताई, तुमच्याकडं कोन पाव्हनं यायचं होतं का?"

"न्हाई. कावून?"

"एक जन लई दिवसांपासून गल्लीच्या तोंडाशी बसायलाय. एवढ्या उन्हात अंगावर घोंगडी, तीबी पार ओली, खाली पानी निथळतंय. मला वाटलं भिकारी हाय. आज जवळून गेले तर माझ्याशीच बोलला. म्हनला, मला हितून हाक आली, कुनाच्या घरातून आली ते घावंना."

सुकन्यानं जिन्याचा कठडा धरला. "मग?"

"मग काय," विजयमालाबाई म्हणाल्या, "एवढं म्हातारं मानूस. म्या तुमचं घर दाखवलं. आत्ताच वर गेला की, तुमाला दिसला न्हाई?"